दान की ऋणफेड? : वारशाने आलेला अपराध आणि 'कन्यादान'

विषयप्रवेश

विजय तेंडुलकर यांचे 'कन्यादान' हे नाटक १९८३ मध्ये रंगभूमीवर आले. पुढे १९९३ सालचा सरस्वती सन्मान तेंडुलकरांना याच नाटकासाठी मिळाला. नाटकावर आजवर झालेली चर्चा प्रामुख्याने दोन अंगांनी झालेली दिसते. दलित तरुणाचे चित्रण अन्यायकारक आहे असा एक आक्षेप आहे. माणसाच्या ठायी असलेल्या हिंस्रतेचा शोध हा तेंडुलकरांचा नित्याचाच विषय असून 'कन्यादान' त्याच मालिकेतील एक नाटक होय, असे त्यावरचे समर्थन आहे. या दोन्ही भूमिकांत चर्चेच्या केंद्रस्थानी अरुण आठवले हे पात्र राहते. प्रस्तुत लेखात चर्चेचा रोख नाथ देवळालीकर या पात्राकडे वळविण्याचा प्रयत्न आहे. पूर्वजांनी केलेल्या अन्यायाचा भार पुढील पिढीने कसा वाहावा, हा नाथच्या जीवनाचा मूलभूत प्रश्न आहे. मराठी साहित्यात हा प्रश्न इतक्या उघडपणे आपल्या घरात आणणाऱ्या कलाकृती थोड्या आहेत.

हा प्रश्न केवळ आपला नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर जन्मलेल्या जर्मन पिढ्यांनी याच प्रश्नाशी दीर्घकाळ झुंज दिली आणि त्यातून एक स्वतंत्र वाङ्मय निर्माण झाले. त्या अनुभवाच्या प्रकाशात 'कन्यादान' वाचल्यास नाटकाचे सामर्थ्य आणि त्याची मर्यादा या दोन्ही गोष्टी अधिक स्पष्ट होतात, अशी या लेखाची धारणा आहे.

अपराध आणि उत्तरदायित्व : जर्मन अनुभव

तत्त्वज्ञ कार्ल यास्पर्स यांनी १९४५-४६ च्या हिवाळ्यात हायडेलबर्ग विद्यापीठात जर्मनांच्या अपराधासंबंधी व्याख्याने दिली. १९४६ मध्ये ती ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. त्यांनी अपराधाचे चार प्रकार कल्पिले. कायद्याने ठरणारा गुन्हेगारी अपराध, नागरिक म्हणून राज्याच्या कृत्यांसाठी येणारा राजकीय अपराध, स्वतःच्या विवेकापुढे उभा राहणारा नैतिक अपराध आणि माणसामाणसांतील मूलभूत बांधिलकी भंग पावल्याने येणारा पारभौतिक अपराध. यांतील पहिला आणि तिसरा प्रकार व्यक्तीचाच असतो. तो मुलाकडे जात नाही. दुसऱ्या प्रकारातून निर्माण होणारी जबाबदारी मात्र समूहाच्या सभासदत्वाबरोबर पुढे चालत राहते. हॅना आरंट यांनी पुढे हाच भेद अधिक काटेकोरपणे मांडला. सर्वच अपराधी आहेत असे म्हटले की कोणीच अपराधी उरत नाही. म्हणून अपराध व्यक्तीचा मानावा आणि उत्तरदायित्व समूहाचे मानावे, असा त्यांच्या प्रतिपादनाचा आशय आहे.

हा भेद कळणे आणि तो जगणे यांत मोठे अंतर होते. १९६७ मध्ये आलेक्झांडर आणि मार्गारेट मित्शरलिख या मनोविश्लेषक दांपत्याने, जर्मन समाजाला शोक करता येत नाही असे निदान केले. १९८४ मध्ये चॅन्सेलर हेल्मुट कोल यांनी इस्रायलच्या संसदेत आपल्या पिढीला उशिरा जन्मण्याची कृपा लाभल्याचा उल्लेख केला आणि त्यावर मोठा वाद झाला. पुढच्याच वर्षी ८ मे १९८५ रोजी राष्ट्राध्यक्ष रिशार्ड फोन वाइत्सेकर यांनी वेगळा सूर लावला. जे त्या वेळी मुले होते अथवा जन्मलेही नव्हते त्यांना न केलेल्या कृत्याचा अपराध कबूल करता येणार नाही, तथापि पूर्वजांनी त्यांच्यासाठी एक जड वारसा ठेवला आहे आणि तो सर्वांनाच स्वीकारावा लागेल, असे त्यांनी सांगितले.

साहित्यात हा वारसा घरातून आला. पोलंडचा नाझी गव्हर्नर जनरल हान्स फ्रांक याला १९४६ मध्ये फाशी झाली. त्याचा मुलगा निक्लास याने १९८७ मध्ये बापावर लिहिलेल्या पुस्तकात दयामाया ठेवली नाही. ऊवे टिम यांनी २००३ मध्ये, एस. एस. दलात स्वेच्छेने भरती होऊन १९४३ मध्ये मरण पावलेल्या आपल्या थोरल्या भावाची रोजनिशी समोर ठेवून एक शांत, निर्मम लेखन केले. उलट दिशेचा पुरावाही आहे. समाजमानसशास्त्रज्ञ हाराल्ड वेल्त्सर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कुटुंबांतील तीन पिढ्यांच्या मुलाखती घेऊन २००२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासाचे नावच 'आजोबा नाझी नव्हते' अशा अर्थाचे आहे. नाझी राजवटीचा धिक्कार करणारी सुशिक्षित नातवंडे स्वतःच्या आजोबांच्या कथा सांगताना त्यांना नकळत सज्जन, प्रसंगी ज्यूंचे साहाय्यकर्ते बनवीत असल्याचे त्यात आढळले. इतिहास पाठ्यपुस्तकात मान्य आणि घरात अमान्य, अशी ही विभागणी आहे. आपल्याकडील वाचकाला ती परकी वाटू नये.

पितृऋणाची परंपरा आणि तिची पळवाट

जर्मन भाषेत अपराध आणि कर्ज या दोन्ही अर्थांना एकच शब्द आहे. मराठीत हे दोन शब्द वेगळे आहेत. परंतु वारशाने ऋण येते ही कल्पना मात्र आपल्या परंपरेत अतिशय दृढ आहे. पित्याने केलेले कर्ज पुत्राने, पुत्राच्या अभावी पौत्राने फेडावे, हे धर्मशास्त्राने धर्मकर्तव्य मानले. ब्रिटिश काळातील न्यायालयांनी ते हिंदू कायद्यात स्वीकारले. २००५ च्या हिंदू उत्तराधिकार दुरुस्ती कायद्यानंतर केलेल्या कर्जांपुरतेच हे बंधन संपुष्टात आले. गिरगावातील आंग्रेवाडीत राहून धर्मशास्त्राचा इतिहास सिद्ध करणारे महामहोपाध्याय पां. वा. काणे यांनी त्या ग्रंथाच्या तिसऱ्या खंडात ऋणादानाचा तपशीलवार परामर्श घेतला आहे.

या नियमाला असलेला अपवाद प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. मद्य, काम, द्यूत यांपायी झालेले कर्ज, न भरलेला दंड आणि वृथादान यांची फेड पुत्राने करू नये, असे याज्ञवल्क्यस्मृती सांगते. म्हणजे पित्याचे प्रतिष्ठित कर्ज वारशाने येते आणि लाजिरवाणे कर्ज येत नाही. कायद्याच्या दृष्टीने हा अपवाद न्याय्यच होता. एका निरपराध मुलाचे त्याने रक्षण केले. परंतु हाच अपवाद सामूहिक स्मृतीचा नियम झाला की काय घडते, हे पाहण्यासारखे आहे. पूर्वजांचा पराक्रम, विद्वत्ता, त्याग आपण वारसा म्हणून स्वीकारतो. त्यांनी पाणवठ्यावर, देवळाच्या पायरीवर, गावाच्या वेशीवर जे केले ते मात्र अव्यावहारिक ऋणासारखे परस्पर बुडीत खाती टाकतो.

'घाशीराम कोतवाल' १९७२ च्या डिसेंबरात रंगभूमीवर आले तेव्हा झालेला विरोध या संदर्भात बोलका आहे. नाना फडणीस यांची आणि एका ज्ञातीची बदनामी झाली, हा त्या विरोधाचा मुख्य मुद्दा होता. अवघ्या १९ प्रयोगांनंतर मूळ संस्थेने प्रयोग थांबविले आणि कलावंतांना वेगळी संस्था स्थापून नाटक पुन्हा उभे करावे लागले. पावणेदोनशे वर्षांपूर्वीच्या मुत्सद्द्याची अप्रतिष्ठा ही आपली अप्रतिष्ठा वाटत असेल, तर त्या काळाच्या अन्यायाशी आपला संबंध नाही असे म्हणण्याचा तार्किक अधिकार उरत नाही. सन्मान वारशाने येतो आणि अपराध येत नाही, ही भूमिका एकाच वेळी घेता येणार नाही.

परळची पूर्वपरंपरा

तथापि हा वारसा स्वीकारणारी माणसे महाराष्ट्रात झालीच नाहीत असे म्हणणे अनैतिहासिक ठरेल. त्यांतील काहींचा संबंध मध्य मुंबईच्या भूमीशी आहे. महर्षी विठ्ठल रामजी शिंदे यांच्या डिप्रेस्ड क्लासेस मिशनची पहिली शाळा १८ ऑक्टोबर १९०६ रोजी परळला सुरू झाली. परळच्याच दामोदर हॉलमध्ये ९ मार्च १९२४ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी बोलाविलेल्या सभेतून बहिष्कृत हितकारिणी सभा आकाराला आली. ना. म. जोशी यांच्या सोशल सर्व्हिस लीगमध्ये कार्य करणारे गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे हे जन्माने ब्राह्मण होते. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाड येथे मनुस्मृतीच्या दहनाचा ठराव त्यांनीच मांडला. या कृतीचे वैशिष्ट्य असे की त्यांनी वारसा नाकारला नाही. तो आपलाच आहे असे मानूनच, ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांच्या नेतृत्वाखाली, त्यांनी तो अग्नीच्या स्वाधीन केला.

लोकमान्य टिळकांचे चिरंजीव श्रीधरपंत यांचे उदाहरण अधिक हृद्य आणि अधिक दुःखद आहे. डॉ. आंबेडकरांच्या समाज समता संघाशी त्यांनी स्वतःला जोडून घेतले आणि १९२८ मध्ये पुण्यातील गायकवाड वाड्यात, म्हणजे पित्याच्याच घरात, संघाची शाखा आणली. २५ मे १९२८ रोजी त्यांनी आत्महत्या केली. तिच्या मागे कौटुंबिक व संस्थात्मक कलहाचा ताण होता. म्हणून तिचा एकच अर्थ लावणे योग्य होणार नाही. परंतु थोर पित्याच्या वारशातील काय घ्यावे आणि काय नाकारावे याची निवड त्यांनी जाहीरपणे केली होती, हे निर्विवाद आहे. दादरला वास्तव्य असलेले प्रबोधनकार ठाकरे हे त्यांचे स्नेही. त्यांच्या आत्मचरित्रात श्रीधरपंतांच्या आठवणी आल्या आहेत. मराठी सांस्कृतिक स्मृतीत लोकमान्यांचे स्थान आणि श्रीधरपंतांचे स्थान यांतील अंतर पाहिले म्हणजे आपण कोणता वारसा जपला हे कळून येते.

नाथ देवळालीकरांचे दान

नाथ हे याच सुधारणावादी परंपरेचे, साने गुरुजी आणि सेवा दल यांच्या संस्कारांतून आलेले वारसदार आहेत. पत्नीचे नाव सेवा, मुलाचे जयप्रकाश, मुलीचे ज्योती. घरातील नावांतूनही ही परंपरा सूचित होते. आपण दलित कवी अरुण आठवले याच्याशी विवाह करणार असल्याचे ज्योती सांगते, तेव्हा सेवा आणि जयप्रकाश साशंक होतात आणि नाथ हर्षभरित होतात. जातिनिर्मूलन हा इतके दिवस व्यासपीठावरचा विषय होता, तो आता आपल्या घरात घडतो आहे, याचा त्यांना आनंद आहे. हा आनंद खोटा नाही, आणि नाथना ढोंगी ठरवून नाटक सोपे करून घेऊ नये.

तरीही नाटकाच्या शीर्षकातच नाथांच्या भूमिकेवरचे भाष्य आहे. दान आणि ऋणफेड या दोन क्रिया बाह्यतः सारख्या दिसतात. दोहोंत एकाच्या हातून दुसऱ्याच्या हाती काही जाते. परंतु दान देणारा वर असतो आणि घेणारा खाली. दानाने दात्याला पुण्य लाभते. ऋण फेडणारा मात्र केवळ आपल्यावरील भार उतरवितो. त्याला पुण्य नाही आणि कृतज्ञतेची अपेक्षा करण्याचा अधिकारही नाही. पिढ्यान्‌पिढ्यांचे ऋण आपल्यावर आहे हे नाथना मनोमन मान्य आहे. परंतु ते फेडण्याची त्यांची रीत दानाची आहे. म्हणूनच त्यांना घेणाऱ्याकडून काही हवे असते. अरुणने चांगले वागावे, प्रयोग यशस्वी व्हावा, आपल्या श्रद्धेला पुरावा मिळावा, ही त्यांची अपेक्षा आहे.

याहून गंभीर गोष्ट म्हणजे या व्यवहारात दिले जाते ते दुसऱ्याचे आयुष्य आहे. मार खाऊन ज्योती माहेरी येते आणि परत न जाण्याचा निर्धार व्यक्त करते, तेव्हा बापाच्या मनात मुलीच्या जखमेआधी विवाहाचे सामाजिक मोल उभे राहते. हा विवाह मोडता कामा नये, असे त्यांना वाटते. ज्योतीने स्वखुशीने अरुणला निवडले हे खरे. पण तिला परतीची वाट बंद वाटते याचे कारण बापाने दिलेले संस्कार आहे. पूर्वजांचे ऋण बापाने मान्य केले आणि त्याचे हप्ते मुलीने भरले. स्त्रीच्या देहावर पुरुषांचे हिशेब चुकते करण्याची जुनीच पद्धत येथे पुरोगामी वेषात अवतरते, आणि 'कन्यादान' या विधिशब्दाचा उपरोध पूर्ण होतो.

दानाची अपेक्षा भंगल्यावर काय होते, हेही तेंडुलकरांनी निर्दयपणे दाखविले आहे. अरुणच्या आत्मकथनावरील चर्चेसाठी निमंत्रण आल्यावर नाथांच्या तोंडून घृणा बाहेर पडते. अरुणच्या येण्याने आपले घर मलिन झाले, अशा आशयाचे ते बोलतात. एका माणसाच्या वर्तनाविषयीचा संताप विटाळाच्या भाषेत व्यक्त होतो. आयुष्यभर ज्या भाषेविरुद्ध नाथ लढले ती त्यांच्याच आत दबा धरून होती. नाटकातील हा क्षण समीक्षेने पुरेसा महत्त्वाचा मानलेला नाही. वारशाने आलेली गोष्ट म्हणजे केवळ अपराधाची जाणीव नसते. त्या अपराधाची भाषाही वारशानेच येते, आणि जाणिवेपेक्षा ती अधिक चिवट असते.

पुढे मुलीला त्रास होऊ नये म्हणून नाथ सभेला जातात आणि पुस्तकाची स्तुती करतात. ज्योती ते भाषण ऐकते आणि घरी येऊन बापाला त्याचा पोकळपणा सांगते. जे शिकविले ते जगताना किती महाग पडते याचा हिशेब ती मांडते आणि आपण आता अरुणचीच पत्नी आहोत, असे सांगून निघून जाते. ज्योतीने बापाकडून क्षमा मागितलेली नाही आणि त्याला क्षमाही केलेली नाही. ऋण संपले असे म्हणण्याची सोय ती कोणालाच ठेवीत नाही.

नाटकाची मर्यादा

येथवरचे विवेचन नाटकाच्या बाजूचे आहे. परंतु दलित समीक्षकांचा आक्षेप यामुळे निकालात निघत नाही. प्रेक्षागृहातून बाहेर पडणारा सवर्ण प्रेक्षक मनात काय घेऊन जातो, हा प्रश्न शिल्लक राहतो. रंगमंचावर मार खाणारी मुलगी ब्राह्मण घरातील आहे, मारणारा दलित आहे, आणि दलितांवरील शतकांचा अन्याय हा केवळ अरुणच्या बोलण्यात, म्हणजे निवेदनात आहे. नाटकात निवेदनापेक्षा दृश्य नेहमीच बलवान ठरते. परिणामी, झाले ते झाले, आता फिटंफाट झाली, असा दिलासा प्रेक्षकाला मिळण्याचा धोका आहे. जयप्रकाशच्या तोंडी असलेला युक्तिवाद या धोक्यात भर घालतो. पॅलेस्टिनींवरील इस्रायली हल्ल्याच्या बातमीच्या आधारे तो, कालचा छळलेला आज छळणारा होतो, असा निष्कर्ष काढतो. एका पिढीच्या नाझी छळाचा दाखला असा एका घरगुती मारहाणीला जोडला की व्यक्तीचे वर्तन समूहाच्या स्वभावावर ढकलले जाते.

नाटक १९८३ मध्ये आले याचाही विचार करावा लागतो. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाने २७ जुलै १९७८ रोजी संमत केला आणि त्यानंतर मराठवाड्यात दलित वस्त्या जाळल्या गेल्या. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ हा दिवस उजाडावा लागला. म्हणजे नाटक लिहिले-पाहिले जात होते तेव्हा कालचा छळलेला अजून आजचाही छळलेलाच होता. 'बलुतं' (१९७८), 'उपरा' (१९८०), 'अक्करमाशी' (१९८४) ही आत्मकथने याच काळातील आहेत. त्या साक्षींना सवर्ण घरातून येणारे उत्तर म्हणून 'कन्यादान'कडे पाहिले, तर ते उत्तर अपुरे वाटते. दत्ता भगत यांच्या 'वाटा पळवाटा' या नाटकातही दलित पती आणि ब्राह्मण पत्नी आहेत. परंतु तेथे तो विवाह कोणाच्या प्रायश्चित्ताचे साधन नाही. घरातील खरा वाद दलित चळवळीच्या तीन पिढ्यांतील आहे. त्यामुळे पत्नीला माणूस म्हणून वावरण्यास जागा मिळते.

बर्नहार्ड श्लिंक यांच्या 'डेर फोरलेझर' (१९९५) या कादंबरीवर जर्मनीत व बाहेर असाच आक्षेप घेतला गेला. त्यात छळछावणीची पहारेकरी असलेली हाना निरक्षर दाखविली आहे आणि वाचकाची करुणा बळींऐवजी तिच्याकडे वळते. दोन्ही लेखकांनी पुढील पिढीच्या प्रतिनिधीला प्रेमाच्या नात्याने बांधून अपराधाचा प्रश्न गुंतागुंतीचा केला आहे आणि दोघांनीही सहानुभूतीचा तोल धोक्यात घातला आहे. एका बाबतीत मात्र श्लिंक यांची कादंबरी पुढे जाते. हानाने ठेवलेले पैसे घेऊन नायक न्यूयॉर्कला छावणीतून वाचलेल्या स्त्रीकडे जातो. ती पैसे स्वीकारीत नाही, कारण ते घेणे म्हणजे पापमुक्ती देणे ठरेल. पैसे निरक्षरतेविरुद्ध कार्य करणाऱ्या एका ज्यू संस्थेला जातात. ती फक्त रिकामा डबा ठेवून घेते. ज्याचे ऋण आहे त्याला 'नको' म्हणण्याचा अधिकार आहे, हे येथे नेमके दिसते. 'कन्यादान'मध्ये घेणाऱ्याच्या बाजूला असे स्वतंत्र, संयत पात्र नाही. अरुणच्या आईवडिलांना रंगमंचावर स्थान मिळते, तर नाटकाचा तोल कदाचित वेगळा झाला असता.

गिरणगावची स्मृती

हा प्रश्न केवळ ब्राह्मण घरापुरता मर्यादित मानणे ही आणखी एक पळवाट होईल. लालबाग-परळच्या गिरण्यांतील विणाईखात्यात अस्पृश्य मानलेल्या कामगारांना प्रवेश नव्हता. धोट्यात नवी कांडी भरताना सुताचे टोक तोंडाने ओढून घ्यावे लागे आणि तोच धोटा दुसऱ्या कामगाराच्या तोंडाला लागे. सबब स्पर्शाची होती. परिणाम मजुरीचा होता, कारण विणकराची कमाई सूतखात्यातील कामगारापेक्षा अधिक होती. १९२८ च्या सार्वत्रिक संपाच्या वेळी डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांपुढे ठेवला. हे अंतर पाळणारे कामगार स्वतः शोषित होते. त्यांच्या लढ्याचा इतिहास तेजस्वी आहे. तरीही ही वस्तुस्थिती त्या इतिहासाचाच भाग आहे. जानेवारी १९७४ मध्ये वरळीच्या बी. डी. डी. चाळींत दंगल उसळली आणि १० जानेवारीला परळमध्ये दलित पँथरच्या मोर्चावर वरून टाकलेल्या दगडाने भागवत जाधव या कार्यकर्त्याचा बळी घेतला.

१८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाने गिरणगाव उद्ध्वस्त झाले. जयंत पवार यांच्या 'अधांतर' (१९९७) या नाटकाने त्या विध्वंसाला मराठी रंगभूमीवर समर्थ रूप दिले. आपल्यावर झालेल्या अन्यायाची स्मृती जागी ठेवणे आवश्यकच आहे. परंतु एका दुःखाची स्मृती आपल्या हातून घडलेल्या दुसऱ्या अन्यायाच्या विस्मृतीला आडोसा देऊ शकते, हेही विसरता येत नाही. बॉम्बवर्षावात आणि विस्थापनात होरपळलेल्या जर्मन कुटुंबांनी दीर्घकाळ हेच केले. पीडित असणे आणि लाभार्थी असणे या दोन अवस्था एकाच घरात, एकाच माणसात नांदू शकतात. गिरणगावावरील समीक्षेने यापुढे या दोन्हींची नोंद एकत्र घेतली पाहिजे.

तुलनेची सीमा

जर्मनी आणि महाराष्ट्र यांची तुलना एका मर्यादेपलीकडे ताणता येणार नाही. नाझी राजवटीला आरंभ आहे आणि ८ मे १९४५ हा अंत आहे. न्युरेंबर्गचे खटले झाले, १९५२ मध्ये इस्रायलशी नुकसानभरपाईचा करार झाला. मुलांना बापाकडे बोट दाखविता आले, कारण बापाचा काळ संपला होता. जातिव्यवस्थेचा असा शेवटचा दिवस आलेला नाही. राज्यघटनेच्या १७ व्या अनुच्छेदाने अस्पृश्यता नष्ट केली, १९५५ आणि १९८९ चे कायदे झाले, आणि तरीही २९ सप्टेंबर २००६ रोजी खैरलांजी घडले. म्हणून आपल्याकडे केवळ वारशाने आलेल्या अपराधाविषयी बोलणे अपुरे आहे. वारशाने आलेला आणि अद्याप चालू असलेला लाभ हा त्याचा अविभाज्य भाग आहे. घर, शिक्षण, ओळखी, भाषेवरील प्रभुत्व आणि आत्मविश्वास ही सगळी त्या लाभाची रूपे आहेत. अपराध मुलाकडे जात नाही असे आरंट यांच्यासह म्हणता येते. लाभ मात्र मुलाकडे जातो, आणि उत्तरदायित्व त्याच्याच मागोमाग येते.

निष्कर्ष

वरील विवेचनातून तीन निष्कर्ष निघतात. पहिला असा की 'कन्यादान' हे अपराधभावनेने प्रेरित झालेल्या सज्जनतेचे परीक्षण करणारे महत्त्वाचे मराठी नाटक आहे आणि त्याचे केंद्र नाथ आहेत. दुसरा, ऋणाला दान समजण्याची चूक नाथांची आहे. परंतु घेणाऱ्याच्या बाजूचे जग दृश्यरूपाने न आणल्यामुळे नाटकही त्या चुकीपासून पूर्णपणे अलिप्त राहू शकलेले नाही. तिसरा निष्कर्ष मराठी साहित्यव्यवहाराविषयी आहे. आपल्या दलित आत्मकथनांच्या साक्षी उपलब्ध आहेत. त्यांना समांतर अशी, आजोबांच्या जमाखर्चाच्या वह्या, गावकीचे कागद, घरातील भांड्यांचे आणि पायऱ्यांचे नियम तपासणारी सवर्ण आत्मपरीक्षणाची परंपरा मात्र क्षीण आहे. वाडा, वाडी, चाळ यांवरील स्मरणरंजन विपुल आहे. त्याच वाड्याच्या मागील दाराविषयीचे लेखन फार थोडे आहे.

महाविद्यालयीन अध्यापनाशी याचा थेट संबंध आहे. 'कन्यादान' वर्गात शिकविले जाते तेव्हा नाथांची नातवंडे आणि अरुणची नातवंडे एकाच बाकावर बसलेली असतात. अरुण असा का वागला, हा प्रश्न विचारला की वर्गातील काही विद्यार्थ्यांना मान खाली घालावी लागते आणि इतरांना काहीच करावे लागत नाही. नाथांनी काय देणे लागत असताना काय दान म्हणून दिले, हा प्रश्न विचारला तर उत्तराची जबाबदारी वर्गात अधिक न्याय्यपणे वाटली जाईल. पाठ्यपुस्तकातील इतिहास मान्य करणाऱ्या विद्यार्थ्याने घरी जाऊन आपल्या आजोबांविषयी एक साधा प्रश्न विचारावा, एवढी अपेक्षा त्या तासाकडून ठेवण्यास हरकत नाही.